पारावरून आलेली ज्वारी

माझा आणि माझ्या सासऱ्यांचा धाराशिवच्या कोर्टात वाद चालू होता, तेव्हा ते जेवायला माझ्याकडंच होते. त्याला इलाज नव्हता, महिना माझा होता. आमच्या तेरच्या घरात वाटणी झाली तेव्हा रान वाटलं, अंगण वाटलं नाही, आणि सासरे महिन्यामहिन्यानं वाटले. एका अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंत थोरल्याकडं, म्हणजे आमच्याकडं, आणि मग तितकेच दिवस धाकट्याकडं, म्हणजे माझ्या दिराकडं. झोपायला मात्र अंगणातली मधली खोली, ती त्यांची स्वतःची.

माझ्या महिन्यात तारीख आली की सकाळी मी कागदांची पिशवी भरायची, माझी आणि सासऱ्यांची भाकरी एकाच फडक्यात बांधायची, आणि आम्ही तिघं एकाच एसटीनं निघायचो. मी, सासरे आणि सासऱ्यांना माझ्याविरुद्ध उभं करणारे माझे दीर. सासरे पंचाहत्तरीच्या पुढचे, त्यांना तिकीटच नाही. मी बाईमाणूस, मला अर्धं. पूर्ण तिकीट एकट्या दिराला. दर वेळी पैसे काढताना ते कंडक्टरला ऐकवायचे, "समदे कायदे माझ्याच मुळावर हायत." कंडक्टरला वाटायचं, कुठलं तरी सुखी कुटुंब देवाला निघालंय.

वाद माझ्या नवऱ्याच्या पैशाचा होता. नवरा फिटर होता, एका ठेकेदाराकडं. गाळपाचा हंगाम संपला की कारखान्यांतून दुरुस्तीची कामं निघतात, त्या कामांवर तो गावोगाव जायचा. असाच एका गुळाच्या कारखान्यात उंच फळीवर उभा असताना फळी निसटली. मला फोन आला तेव्हा मी पोरींच्या डोक्याला तेल लावत होते, धाकटीची एक वेणी तशीच राहिली. त्याहून जास्त मला त्या दिवसाबद्दल लिहवत नाही. वर्षभरानं ठेकेदाराच्या विम्याची नुकसानभरपाई कोर्टात जमा झाली आणि नोटीस निघाली की मयताचे जे कोणी असतील त्यांनी हजर व्हावं.

आकडा सांगत नाही. सांगितला तर अजून एखादा नातेवाईक निघेल.

नोटीस निघाल्याच्या आठवड्यात कळंबहून नवऱ्याची चुलत आत्या आली. तेराव्याला तिला यायला जमलं नव्हतं, गुडघे दुखत होते. आता गुडघे बरे होते. बारशाला त्याचं नाव आपणच ठेवलं होतं, असं ती म्हणाली, आणि दर दिवाळीला तो तिला लुगडं घ्यायचा हे तिनं चार लुगडी सोबत आणून दाखवलं. माझ्या वकिलांनी तिला समजावून सांगितलं की आत्याला कायद्यात जागा नाही. तिनं लुगडी परत गाठोड्यात बांधली, माझ्याकडं पोटभर जेवली आणि जाताना मलाच म्हणाली की तुझा वकील काही कामाचा नाही.

वकिलांनी कायदा मला सोप्या भाषेत सांगितला तो असा. बायकोला वाटा आहे, अज्ञान लेकरांना आहे. सज्ञान भावाला नाही. बापाला आहे, पण बाप मुलाच्या कमाईवर जगत होता हे शाबीत झालं तरच. म्हणजे घरातल्या ज्या माणसानं आयुष्यभर ताठ मानेनं सांगितलं की मी कुणाच्या दमडीचा मिंधा नाही, त्यानं आता कोर्टात उभं राहून सांगायचं की मी मिंधा होतो.

आणि माझ्या सासऱ्यांना तर हे शब्दच तोंडातून काढता येत नव्हते. त्यांच्या नावावर दोन एकर होतं, ते दीर कसायचे. सासऱ्यांना वाटा मिळाला तर तोही दीरच कसणार, हे मला दिसत होतं. बुलेटचा रंग कोणता घ्यायचा हे त्यांनी पोरांपाशी बोलूनही दाखवलं होतं. म्हणून मी हट्टाला पेटले होते. मला दोन पोरी होत्या आणि शिवणाच्या मशिनीशिवाय दुसरी कमाई नव्हती. सासऱ्यांचा वाटा निघाला तर तेवढा माझ्या पोरींचा कमी होणार होता.

माझ्या हातात हत्यारही होतं. ते म्हणजे सासऱ्यांची ज्वारी.

वेगळं झालो त्याच्या पहिल्या महिन्यापासून सासरे माझ्याकडं जेवायला कधी रिकाम्या हातानं आले नाहीत. अमावास्या झाली की दुसऱ्या दिवशी सकाळी पंधरा-वीस किलोची पिशवी खांद्यावर घेऊन यायचे. त्यांची खोली ते माझं दार, अंगणातून दहा पावलं. पण अंगणातून येतील तर ते सासरे कसले. ते बाहेरच्या दारानं गल्लीत जायचे, मारुतीच्या पाराला वळसा घालायचे, पारावर बसलेल्या प्रत्येकाचा रामराम घ्यायचे, कुणी विचारलंच नाही तर खाकरून थांबायचे. कुणी विचारलं, "काय आण्णा, ज्वारी का?" की सांगायचे, "थोरल्याकडं पाळी हाय. फुकट खात न्हाय आपण." एवढं झालं की माझ्या दारात.

मला त्या ज्वारीचा राग यायचा. धाकट्याकडं जाताना हे हात हलवत जातात आणि माझ्याच दारात धान्य घेऊन येतात, म्हणजे माझ्या अन्नावर यांचा भरवसा नाही, असं मी धरून चालले होते. वर त्या पिशवीचं तोंड तारेनं आवळलेलं. सुतळी नाही, दोरी नाही, तार. तीन पिळे घट्ट दिलेले आणि टोक आत वळवलेलं. ती उघडायला दर वेळी पक्कड लागायची. नवऱ्याची एक जुनी पक्कड चुलीमागं खुंटीला होती म्हणून बरं. मी पिळे उलगडता उलगडता म्हणायची, "ज्वारी देतात का खजिना? एवढा बंदोबस्त कशाला?" नवरा जेवता जेवता गालात हसायचा. मला वाटायचं, बापाच्या तऱ्हेवाईकपणाला हसतोय.

नवरा गेला आणि ज्वारी बंद झाली. सासरे माझ्या महिन्यात अंगणातून गुपचूप यायला लागले, रिकाम्या हातानं. पूर्वी दोन भाकऱ्या खायचे, आता एकीवर हात धुवायला लागले. मी अजून अर्धी वाढायला गेले तर ताटावर हात आडवा धरायचे. हे मी वकिलांना सांगितलं तेव्हा ते टेबलावर थाप मारून म्हणाले, "बघा, तयारी चाललीय. नुकसानभरपाई येणार म्हटल्यावर ज्वारी बंद केली. आता कोर्टात अशक्त दिसायचंय त्यांना." मलाही ते पटलं. नुसतं पटलं नाही, आवडलं. माझ्या प्रतिज्ञापत्रात वकिलांनी लिहिलं की सासरे स्वतःचं धान्य आणून जेवत, ते मयतावर कधीच अवलंबून नव्हते, आणि मी खाली ठसठशीत सही केली.

तिकडं अंगणापलीकडं दिरांनी सासऱ्यांची शिकवणी सुरू केली होती. मला मशिनीवर बसल्या बसल्या सगळं ऐकू यायचं.

"म्हणा आण्णा, म्या थोरल्याच्या कमाईवर जगत हुतो."

"थोरला माझ्या पोटचा हाय. म्या त्याच्या जिवावर कसा?"

"नुसतं म्हणायचं हाय वो."

"नुसतं म्हणायचं तर तू म्हण."

"माझं कोर्ट ऐकत न्हाय. म्या सज्ञान हाय."

"मग म्या काय अज्ञान हाय?"

इथं दीर बाहेर येऊन अंगणात चार फेऱ्या मारायचे आणि पुन्हा आत जायचे. साक्षीदारांचं तर त्याहून अवघड. दीर पारावर गेले आणि म्हणाले, आमचे आण्णा थोरल्यावर अवलंबून होते असं कुणीतरी कोर्टात सांगा. सगळा पार हसला. अकरा वर्षं दर एका महिन्याआड ज्यांनी खांद्यावरची पिशवी बघितली ते काय सांगणार? सासऱ्यांचा एक जुना दोस्त म्हणाला, "तुझा बाप हितनं ज्वारी मिरवत न्यायचा. खोटं बोलून आल्यावर मला परत ह्याच पारावर बसायचंय."

म्हणजे सासऱ्यांनी स्वतःच्या रुबाबासाठी गोळा केलेले सगळे साक्षीदार आता माझ्या बाजूचे झाले होते. मला हसू यायचं. ती गंमत मी मशिनीवर बसून एकटीच चाखायची.

जबानीचा दिवस उजाडला. महिना माझाच होता. मी भाकरी, ठेचा आणि सासऱ्यांना दातामुळं ठेचा चालत नाही म्हणून वेगळं पिठलं बांधून घेतलं. कोर्टाच्या आवारात लिंबाखाली फडकं सोडलं. सासरे एक भाकरी खाऊन उठले. दीर आमच्याच फडक्यातली दोन खाऊन उठले आणि बापाला म्हणाले, "पाठ हाय न्हवं?" सासरे धोतर झटकून, टोपी सरळ करून आत गेले.

निकाल देणारे साहेब वयानं तरुण होते, आवाज हळू. सासऱ्यांनी खरं सांगेन म्हणून शपथ घेतली. मग माझे वकील उठले. कित्येक दिवस ते या प्रश्नाची वाट बघत होते.

"बाबा, थोरल्या मुलाकडं जेवायला जाताना तुम्ही ज्वारी घेऊन जात होता की नाही?"

"जात हुतो."

"दर पाळीला?"

"एक बी चुकली न्हाय."

"गावानं पाहिलंय?"

"समद्या गावानं. पारावरनं जायचो." आणि बोलता बोलता त्यांची छाती नकळत पुढं आली.

वकील समाधानानं बसले. मागच्या बाकावर दिरांनी कपाळाला हात लावला. झालं होतं. माझ्या पोरींचा वाटा वाचला होता आणि सासऱ्यांनी स्वतःच्या तोंडानं स्वतःचा घालवला होता. मी पदराआड हसले, हे मी कबूल करते.

साहेब मात्र लिहिता लिहिता थांबले. त्यांचं घर शेतकऱ्याचं असावं. त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, "बाबा, तुमच्या दोन एकरांत काय असतं?"

"सोयाबीन. मागनं हरभरा."

"आणि ज्वारी?"

"ज्वारी कुठली साहेब आता. पाखरं राखायला माणूस मिळत न्हाय, काढायला मिळत न्हाय. लई वर्सं झाली बंद करून."

"मग तुम्ही नेत होता ती ज्वारी कुठली?"

मी शेतकऱ्याची लेक. त्या रानाच्या बांधावरून मी हजार वेळा गेले असेन, दर पावसाळ्यात तिथं सोयाबीन बघितलं असेल. आणि अकरा वर्षं त्या ज्वारीच्या भाकरी थापल्या. ही ज्वारी पिकते कुठं, हा प्रश्न माझ्या डोक्यात एकदाही आला नव्हता. इतकी मी त्या ज्वारीवर रागावण्यात गुंतले होते.

साहेबांनी पुन्हा विचारलं. सासऱ्यांनी माझ्याकडं बघितलं, मग साहेबांकडं.

"साहेब, सून जराशी भाईर जाईल का?"

"त्या पक्षकार आहेत बाबा, त्यांना बाहेर पाठवता येत नाही."

"मग म्या तिकडं त्वांड करून सांगू का?"

साहेब म्हणाले, सांगा. सासरे भिंतीकडं वळले. भिंतीवर कॅलेंडर होतं, त्याला सांगावं तसं सांगू लागले.

"थोरलं पोरगं आणायचं. ढोकीच्या बाजारातनं. आवसंच्या दिशी माझ्या खोलीत आणून ठिवायचं. म्हणायचं, आण्णा, उद्या ही खांद्यावर घ्या अन् या. पारावरनं या म्हणायचं. माझं नाव काढू नका, तिला बी सांगू नका."

"का पण?"

"पैल्या महिन्यात माझा घास उतरंना साहेब. वाटणी नवीनच हुती. दोन दिस पोट दुखतंय म्हणून जेवलोच न्हाय. पोराला कळलं. बोललं काय न्हाय, ज्वारी घिऊन आलं."

"सूनबाई काही बोलल्या होत्या का तुम्हाला?"

"न्हाय." सासरे आता वळले आणि साहेबांकडं सरळ बघून म्हणाले, "ती काय बी बोलली न्हाय. शपथंवर सांगतो."

त्या दिवशी कोर्टात माझ्या सासऱ्यांनी तेवढं एकच वाक्य खोटं सांगितलं. मी बोलले होते. वाटणीत आम्हाला रान उतरणीचं आलं होतं, त्याचा जळफळाट होता, आणि भाकरी थापता थापता मी नवऱ्याला म्हणाले होते, "रान कमी आलं अन् ताट एक जास्त आलं." सासरे तेव्हा अंगणात बाजेवर होते. त्यांना ऐकू गेलं असेल का, हे मी कधी मनात आणलंच नव्हतं. माणसाला आपलं बोलणं फार लवकर विसरता येतं. पोट दुखत होतं ते दोन दिवस मात्र मला आठवत होते, कारण मी त्यांना ओवा दिला होता.

मग मला ते तीन पिळे आठवले, आत वळवलेलं टोक आठवलं. आमच्या घरात फाटकाचं दार, बादलीची कडी, पोरींच्या सायकलची टोपली, सगळं नवरा तारेनंच बांधायचा, आणि पोरींच्या हाताला टोचू नये म्हणून टोक कायम आत वळवायचा. अकरा वर्षं मी त्याची गाठ त्याच्याच पकडीनं सोडत होते आणि शिव्या त्याच्या बापाला देत होते. आणि तो समोर बसून हसत होता. मला त्या क्षणी त्याचा भयंकर राग आला. मेलेल्या माणसावर इतकं रागावता येतं हे मला माहीत नव्हतं.

ज्वारी बंद का झाली आणि सासरे एका भाकरीवर का आले, हे मला मग कुणी सांगावं लागलं नाही.

साहेबांनी मला विचारलं, "तुमचं काही म्हणणं?" वकील माझ्याकडं डोळे वटारून मान हलवत होते. मी उभी राहिले. "ज्वारी आमच्याच घरातली होती साहेब," मी म्हणाले. "मला माहीत नव्हतं. मामांचा वाटा त्यांना असू द्या." वकिलांनी फाइल मिटली. आवाज सगळ्या कोर्टाला ऐकू गेला.

साहेबांनी पुढच्या तारखेला वाटे पाडले. पोरींचे त्या सज्ञान होईपर्यंत बँकेत. सासऱ्यांचाही त्यांच्या एकट्याच्या नावानं बँकेत, दर महिन्याचं व्याज त्यांच्याच हातात, मुद्दल कोर्टाच्या हुकमाशिवाय कुणाला काढता येणार नाही. हे वाचून दाखवलं तेव्हा मी दिरांच्या तोंडाकडं बघितलं. बुलेटचा रंग पार उडाला होता. येताना एसटीत ते कंडक्टरला काही बोलले नाहीत, नुसतं पूर्ण तिकीट काढलं.

सासरे खिडकीपाशी बसले होते. मी शेजारी जाऊन बसले. "मामा, अंगणातनंच येत जा, पण गुपचूप नको," मी म्हणाले. "ज्वारी-बिरी काही आणायची नाही." ते बाहेर बघत म्हणाले, "त्याला सबूद दिल्ता. मोडला."

दिरांच्या तोंडून गावभर झालंच. पाराला सगळं कळलं. सासरे पारावर जायचे बंद झाले. मधला महिना दिराकडचा होता, त्या महिन्यात ते खोलीच्या बाहेर फारसे पडले नाहीत. मला वाटलं, म्हाताऱ्याचा रुबाब मी आणि कोर्टानं मिळून संपवला.

अमावास्या झाली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्यांच्यासाठी अंगणाकडचं दार उघडून ठेवलं, चुलीवर तवा टाकला. ते आले नाहीत. बराच वेळ गेला. मग पुढच्या दारातून थोरली ओरडत आली, "आई, आबा पारावरनं यायलेत."

मी दारात गेले. सासरे खांद्यावर पिशवी घेऊन गल्लीतून येत होते. मागं पारावरची माणसं उभी राहून बघत होती, कुणी हसत नव्हतं. पहिलं व्याज हातात आलं होतं आणि ते एकटेच ढोकीच्या बाजाराला जाऊन आले होते. उंबऱ्यापाशी त्यांनी पिशवी खाली ठेवली. तोंड सुतळीनं बांधलेलं होतं, कशीतरी एक सैल गाठ. टेकवल्याबरोबर ती सुटली आणि ज्वारी पायरीवरून खाली ओघळली.

माझ्या हातात पक्कड होती. ते येताना दिसले तशी सवयीनं खुंटीवरून काढून आणली होती. मी ती हातात धरून उंबऱ्यावरच बसले आणि रडले. नवरा गेल्यापासून कागद, तारखा, वकील, आत्या, यातून मला असं बसून रडायला सवडच मिळाली नव्हती.

सासरे माझ्यासमोर ओणवे झाले आणि दोन्ही हातांनी ज्वारी गोळा करायला लागले.

"आगं, किलोभर बी न्हाय सांडली," ते म्हणाले. "सूप आण. रडतीस काय त्यात."

मी उठले, पक्कड खुंटीला अडकवली आणि सूप आणलं. त्या दिवशी त्यांनी दोन भाकऱ्या खाल्ल्या.